हातचा

एका पेसोला चार मिनिटं.
डुमागेटेच्या बंदरामागे, नांग बिरिंगच्या दुकानात,
मी नाणी आधी टेबलावर रांगेत मांडते
मग एकेक फटीत सोडते.
सामना अर्ध्यावर असताना पडदा काळा झाला
तर पळून गेल्याची शिक्षा होते.
सुटे संपले, हे यंत्राला सांगायची सोय नाही.

मानोय एल्मार जहाजावर गेला तेव्हा
मला सायकल देऊन गेला
आणि त्याच्या खात्याचा पासवर्ड.
"खेळत राहा, लोव्हेला. नाहीतर आकडा गंजतो."
आकडा होता अठराशे चाळीस.

गंजत नाही तसा. हे मला उशिरा कळलं.
तुम्ही बरेच दिवस फिरकला नाहीत
तर आकडा जागच्या जागी असतो,
यंत्राची खात्री तेवढी सैल पडते;
लांब गेलेल्या माणसाचं वय विचारलं की
आपण "असेल तिशीच्या आसपास" म्हणतो, तशी.

पाच आम्ही, पाच ते.
खेळ सुरू व्हायच्या आधीच
यंत्र दोन्ही पारडी उचलून बघतं, मनाशी पैज लावतं.
जिंकणारच होते ते जिंकले, तर चिमूटभर.
हरणार होते ते जिंकले, तर ओंजळ.
आणि ती ओंजळ समोरच्यांच्याच खिशातली.

कोण कसं खेळलं, ते बघत नाही.
मी मलमपट्टीवाली.
परवा हायफाँगचा कुणी पोरगा
एकटाच घुसायचा, चौदा वेळा पडला,
तेरा वेळा मी त्याला उभा केला.
शेवटी त्याला वजा अठरा,
मलाही वजा अठरा.

शेजारच्या खुर्चीवरचा निलो गणित शिकतो.
शेंगदाण्यांची सालं फुंकत म्हणाला,
"हजार सामने खेळ.
सोबती बदलतील, शत्रू बदलतील,
दोष वाटून वाटून संपेल.
हजारही वेळा हजर असलेलं एकच नाव उरेल."

त्या रात्री मी सायकलवर बसले नाही,
ढकलत घरी नेली.
हजर असलेलं नाव एल्मार होतं.

सतराशे नव्वद. सोळाशे पाच.
शाळेत बेरीज शिकवताना बाई बजावायच्या,
हातचा बाजूला लिहून ठेवा, विसरू नका.
भावाचा हातचा माझ्यापाशी होता
आणि मी तो रोज थोडा थोडा मोडून खात होते.

चौदाशे बारावर घसरण थांबली.
सकाळी जिंकावं, दुपारी हरावं,
दिवे लागताना पहिले पाढे पंचावन्न.
यंत्राला माझं घर सापडलं होतं.
पाटी मात्र दारावर त्याची.

अकरा महिन्यांनी तो आला.
चॉकलेटं, टॉवेल, आईला घड्याळ.
दुसऱ्या रात्री मी सांगून टाकलं.
चिडला नाही. हसला.
"चार दिवसांत वर नेतो," म्हणाला,
आणि नाण्यांची पिशवी घेऊन बसला.

तीन जिंकला. पाच हरला. दोन जिंकला.
उजव्या हाताची दोन बोटं
वाफेच्या नळीवर भाजली होती, इंजिनरूममध्ये.
फोनवर कधी बोलला नव्हता.
माउस आता तो तळहाताने ढकलत होता,
ओल्या फडक्यासारखा.

रविवारी संध्याकाळी
पडद्यावर चौदाशे बारा.
आम्ही दोघंही बराच वेळ बघत राहिलो.
मी तिथे आणून ठेवलेला आकडा
त्याला बरोबर बसला होता,
अंगचोर नाही, ढगळ नाही.

"तू तुझ्या नावाचं उघड," तो म्हणाला.
शेवटचं नाणं माझ्या फटीत टाकलं.
मी नाव लिहिलं, जन्मसाल लिहिलं,
एकही सामना खेळले नव्हते
तोवर यंत्राने आकडा दिला,
ज्याचं काहीच माहीत नाही
त्या प्रत्येकाला देतात तो:
पंधराशे.

एल्मार इतक्या जोरात हसला
की नांग बिरिंग झोपेतून उठली.